राजर्षी शाहू छत्रपती : अर्ध्या जागा राखणारा राजा

मंडळाच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेत प्रत्येकीने काहीतरी लिहावे असे बैठकीत ठरले. कोणी पदार्थ दिले, कोणी जात्यावरच्या ओव्या जमविल्या. माझ्या वाट्याला थोरांचे चरित्र आले. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे, त्यामुळे पंडिती भाषा माझ्या हातून व्हायची नाही. वाचलेले, ऐकलेले आणि मनात मुरलेले तेवढे साध्या शब्दांत सांगते. भगिनींनी गोड मानून घ्यावे.

थोर पुरुष पुष्कळ झाले, पण मी कोल्हापूरचे राजर्षी शाहू महाराज निवडले. कुठे पंचगंगेकाठचे कोल्हापूर आणि कुठे आपले तापी-गोमाईच्या संगमावरचे प्रकाशा, असे कोणी म्हणेल. परंतु आपल्या आळीतील मुली हल्ली सरकारी नोकरीचे अर्ज भरतात. कोणी तलाठ्याचा, कोणी पोलीस भरतीचा, कोणी आरोग्य सेविकेचा. त्या अर्जात प्रवर्गाचा एक रकाना असतो. तेथे आल्यावर काही मुली अवघडतात. सवलतीवर लागली असे कोणी म्हणेल काय, ही धास्ती त्यांच्या मनात असते. त्या रकान्यामागे एका राजाचा हुकूम आहे, आणि त्या हुकुमासाठी त्या राजाने किती बोल सोसले, हे त्या मुलींना कोणी सांगितलेले नसते. म्हणून हे चरित्र.

महाराजांचा जन्म २६ जून १८७४ रोजी झाला. ते जन्माने कागलच्या घाटगे घराण्यातले, पाळण्यातले नाव यशवंतराव. वडील जयसिंगराव ऊर्फ आबासाहेब, आई राधाबाई. आई गेली तेव्हा यशवंतराव अवघे तीन वर्षांचे होते. पुढे कोल्हापूरच्या गादीला वारस नव्हता, म्हणून चौथ्या शिवाजी महाराजांच्या पत्नी आनंदीबाई यांनी १७ मार्च १८८४ रोजी त्यांना दत्तक घेतले आणि शाहू हे नाव ठेवले. दोनच वर्षांनी, १८८६ साली, वडीलही गेले. दहा-बारा वर्षांच्या वयात ना आई ना बाप, आणि डोक्यावर राज्याचा भार. आपल्या घरातील त्या वयाचे पोर डोळ्यांपुढे आणले म्हणजे त्यांची अवस्था कळते.

शिक्षण प्रथम राजकोटच्या राजकुमार कॉलेजात आणि मग धारवाडला फ्रेजर साहेबांच्या हाताखाली झाले. १८९१ साली बडोद्याच्या खानविलकर घराण्यातील लक्ष्मीबाईंशी विवाह झाला आणि २ एप्रिल १८९४ रोजी, वयाच्या विसाव्या वर्षी, राज्यकारभार हाती आला. अंगापिंडाने धिप्पाड, कुस्तीचे आणि शिकारीचे शौकीन, बोलणे मात्र रांगडे आणि मोकळे. खेड्यातल्या माणसाशी ते त्याच्याच बोलीत बोलत.

कारभार हाती येताच त्यांनी आपल्या दरबारात कोण कोण आहे ते पाहिले. राज्यातील प्रजा बहुतेक शेतकरी, कारागीर, बलुतेदार आणि अस्पृश्य. परंतु १८९४ साली वरच्या ७१ अधिकाऱ्यांपैकी ६० एकाच ब्राह्मण जातीचे होते, आणि सुमारे ५०० कारकुनांत इतर जातींचे अवघे १० निघाले. महाराजांनी याचा राग माणसांवर काढला नाही. ज्या समाजात पिढ्यान्‌पिढ्या अक्षरे होती तो पुढे बसला, ज्यांना अक्षराजवळ फिरकू दिले नाही ते बाहेर राहिले, हे त्यांनी ओळखले. पण ओळखून स्वस्थ बसणे त्यांच्या स्वभावात नव्हते. भास्करराव जाधवांसारखे शिकलेले तरुण त्यांनी शोधून आणले आणि कामावर घेतले. मात्र असे तरुण बोटांवर मोजण्याइतके. म्हणजे जागा द्यावी म्हटले तर शिकलेला माणूस नाही, आणि शिकावे म्हटले तर पुढे जागा नाही. विहिरीला पाणी नाही म्हणून दोर नाही, आणि दोर नाही म्हणून पाणी नाही, अशातली ही गत.

मध्यंतरी १८९६-९७ चा दुष्काळ आला, पाठोपाठ प्लेग आला. महाराज गावोगाव हिंडले, स्वस्त धान्याची दुकाने काढली, दुष्काळी कामे सुरू केली. त्या कामांवर येणाऱ्या बायांच्या तान्ह्या मुलांसाठी त्यांनी शिशुगृहे उघडली, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. लेकराला बांधावर झोळीत टाकून खडी फोडणाऱ्या बाईचे मन राजवाड्यात राहणाऱ्या माणसाला कळले होते.

त्याच सुमारास एक घटना घडली. महाराज पहाटे पंचगंगेवर स्नानाला जात. आपल्याकडे संगमावर पर्वणीला जसे मंत्र म्हणतात, तसे तेथेही राजोपाध्याय म्हणत. १८९९ साली ध्यानात आणून देण्यात आले की छत्रपतींसाठी वेदांतील मंत्र म्हटले जात नाहीत, पुराणांतील म्हटले जातात, कारण पुरोहिताच्या मते ते शूद्र. यावरून मोठे वेदोक्त प्रकरण उभे राहिले, ते पुष्कळ वर्षे चालले. मला त्यातले शास्त्र कळत नाही. मला एवढेच दिसते, की प्रत्यक्ष छत्रपतीला जात पाहून खाली लेखले जाते, तर गरीब मजुराची काय कथा, हा विचार त्यांच्या मनात पक्का झाला असावा.

मग त्यांनी दोन्ही बाजूंनी काम हाती घेतले. प्रथम मुलांच्या राहण्या-जेवण्याची सोय केली. १९०१ साली कोल्हापुरात मराठा बोर्डिंग निघाले, त्याच वर्षी जैनांचे निघाले. मागाहून मुसलमानांचे, लिंगायतांचे आणि इतर समाजांचे निघत गेले. १९०८ साली अस्पृश्य मुलांसाठी मिस क्लार्क बोर्डिंग निघाले. कोल्हापूरला वसतिगृहांची माता म्हणतात ते यामुळे. नाशिकच्या उदोजी मराठा वसतिगृहाच्या इमारतीची कोनशिलाही १९२० साली त्यांच्याच हातची, म्हणजे त्यांचा हात आपल्या बाजूला नाशिकपर्यंत पोहोचला होता.

आणि दुसरी बाजू म्हणजे तो हुकूम. १९०२ साली सातव्या एडवर्ड बादशहांच्या राज्यारोहणासाठी महाराज विलायतेस गेले होते. ते तिकडे असतानाच २६ जुलै १९०२ रोजी करवीर सरकारच्या गॅझेटात हुकूम छापून आला. राज्यातील ज्या नोकऱ्या रिकाम्या होतील त्यांपैकी निम्म्या, म्हणजे शेकडा ५० जागा, मागासलेल्या वर्गांतील माणसांनी भराव्यात. ज्या कचेरीत अशा लोकांचे प्रमाण निम्म्याहून कमी असेल, तेथे पुढची नेमणूक त्यांच्यातूनच करावी. ब्राह्मण, प्रभू, शेणवी, पारशी व दुसरे पुढारलेले वर्ग सोडून बाकी सर्व मागासलेले समजावेत. मागासलेल्या वर्गांना उच्च शिक्षणाची गोडी का लागत नाही, याचे कारणही त्या हुकुमात दिले आहे. शिकून पुढे मोबदला दिसत नाही, म्हणून ते शिकत नाहीत. तो मोबदला दिसावा यासाठी ही तजवीज.

भगिनींनो, या हुकुमातील शेवटचे कलम मला सर्वांत शहाणपणाचे वाटते. प्रत्येक खात्याच्या मुख्याने दर तीन महिन्यांनी कोणाकोणाची नेमणूक केली याचा तक्ता दरबारात पाठवायचा होता. घरात आपण गड्याला काम सांगतो आणि संध्याकाळी झाले की नाही ते पाहतो, त्यातलाच हा प्रकार. हुकूम काढणारे पुष्कळ असतात, पण हिशेब मागणारा विरळा. त्याचे फळही दिसले. १९१२ साली वरच्या ९५ जागांपैकी ब्राह्मण अधिकारी ३५ होते, बाकीच्या जागांवर इतर समाजांची माणसे आली होती. कोणाला हाकलून दिले नाही, जागा रिकाम्या होत गेल्या तशा त्या वाटून भरल्या. पुढे १९२१ च्या सुमारास म्हैसूर संस्थानाने आणि मद्रास इलाख्यानेही अशीच वाट धरली.

हुकुमावर टीका पुष्कळ झाली. वर्तमानपत्रांनी झोड उठविली. नेमणूक लायकी पाहून करावी, जात पाहून करू नये, असा आक्षेप होता. याबद्दल कोल्हापूरकडे एक गोष्ट सांगतात. सांगलीचे एक वकील हाच आक्षेप घेऊन महाराजांकडे आले. महाराज त्यांना घोड्यांच्या पागेत घेऊन गेले. तेथे प्रत्येक घोड्याच्या तोंडाला आपापला तोबरा बांधलेला होता, आणि सारे स्वस्थपणे हरभरे खात होते. महाराजांनी सगळे तोबरे सोडायला लावले, हरभरे एका जाजमावर ओतविले आणि घोडे मोकळे सोडले. धष्टपुष्ट घोडी पुढे घुसली आणि लाथा झाडीत खाऊ लागली. लहान शिंगरे, म्हातारी आणि लंगडी जनावरे लांब उभी राहून बघत राहिली. वकीलसाहेब काय समजायचे ते समजले.

ही गोष्ट बाईमाणसाला समजावून सांगावी लागत नाही. पंगत एकदम सोडली तर परातीतले कोणाच्या पानात जाते ते आपण पाहतो. म्हणूनच घरातली शहाणी बाई आजारी माणसाचे, बाळंतिणीचे आणि उशिरा शेतातून येणाऱ्याचे आधी झाकून ठेवते. ते झाकून ठेवलेले अन्न भिक्षा नसते, तो त्यांच्या वाट्याचा घास असतो.

महाराजांनी स्त्रियांनाही विसरू दिले नाही. मुलींच्या शाळांची देखरेख त्यांनी रखमाबाई केळवकर यांच्यावर सोपविली. त्यांची कन्या कृष्णाबाई डॉक्टर झाल्या, त्यांच्या शिक्षणास दरबाराने मदत केली आणि कोल्हापूरच्या मोठ्या इस्पितळात त्यांची नेमणूक केली. त्या काळात बाई कचेरीत किंवा इस्पितळात पगारावर बसणे ही केवढी नवलाई! राधानगरीला भोगावती नदीवर त्यांनी धरण बांधायला घेतले, तर तलावाला राणीसाहेबांचे लक्ष्मी हे नाव आणि गावाला मुलीचे राधा हे नाव दिले. पैशाअभावी ते काम रेंगाळले आणि पुढे १९५७ साली पुरे झाले. आज आपल्या तापीवरचे बंधाऱ्याचे पाणी पाहिले की मला त्या धरणाची आठवण होते.

१९१८ साली त्यांच्यावर मोठा घाव बसला. धाकटे चिरंजीव शिवाजी शिकारीत घोड्यावरून पडून वारले. लग्नाला जेमतेम वर्ष झाले होते. सूनबाई इंदुमतीदेवी अजून लहान मुलगी. त्या काळी अशा मुलीचे नशीब ठरलेलेच असे, अंधारी खोली आणि माळ. महाराजांनी पुत्रशोक पोटात घालून तिला सोनतळीच्या वाड्यावर ठेवले आणि शिक्षण सुरू केले. तिला सोबत व्हावी म्हणून निरनिराळ्या जातींच्या मुलीही तेथे शिकायला ठेवल्या. राजवाड्यातील जुन्या वळणाच्या माणसांना हे रुचले नाही, पण महाराज मागे हटले नाहीत. जगाला उपदेश करणे सोपे असते, आपल्या घरच्या विधवा सुनेच्या हाती पाटी देणे अवघड.

त्यांच्या शेवटच्या पाच वर्षांत तर कायद्यांची रीघ लागली. १९१७ साली प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचे केले, मूल शाळेत न धाडणाऱ्या आईबापास महिन्याला एक रुपया दंड. त्याच वर्षी विधवाविवाहाचा कायदा झाला. १९१९ साली आंतरजातीय विवाहाचा, आणि स्त्रियांचा छळ करणाऱ्यास शिक्षा देणारा कायदा झाला. त्याच वर्षी अस्पृश्यांच्या वेगळ्या शाळा बंद करून सर्व मुलांना एकत्र बसविले. गुन्हेगार ठरविलेल्या जमातींची रोजची हजेरी त्यांनी बंद केली आणि फासेपारध्यांना कामे व घरे दिली. आपल्या भागातील डोंगरपाड्यांवरची माणसे डोळ्यांपुढे आणली म्हणजे या गोष्टीचे मोल कळते.

महारांची वेठ त्यांनी बंद केली, त्यांच्यातल्या शिकलेल्यांना तलाठी केले, काहींना वकिलीच्या सनदा दिल्या. गंगाराम कांबळे नावाचा दरबारचा एक नोकर. पाण्याच्या हौदाला शिवला म्हणून त्याला मार बसला होता. महाराजांनी त्याला चहाचे दुकान घालून दिले. त्याच्या हातचा चहा कोण पिणार? महाराज स्वतः त्याच्या दुकानासमोर गाडी थांबवीत, चहा मागवीत आणि गाडीतील बड्या मंडळींनाही पाजीत. नोकरी दिली, दुकान दिले, तरी समाज ते चालू देत नसेल तर स्वतः जाऊन उभे राहावे लागते, हे त्यांना ठाऊक होते.

१९१९ साली कानपूरला कुर्मी समाजाने त्यांना राजर्षी ही पदवी दिली. १९२० च्या मार्चमध्ये माणगावला अस्पृश्यांची परिषद भरली, तेव्हा महाराज स्वतः गेले आणि तरुण डॉ. बाबासाहेब आंबेडकर हेच तुमचे पुढारी आहेत असे लोकांना सांगून आले. बाबासाहेबांच्या मूकनायक पत्रालाही त्यांनी अडीच हजार रुपयांची मदत केली होती. ६ मे १९२२ रोजी मुंबईला महाराजांचे देहावसान झाले. वय अठ्ठेचाळीसही पुरे नव्हते. पण सूत्र तुटले नाही. ज्या तरुणाला त्यांनी माणगावला पुढे केले, त्यानेच पुढे घटनेच्या मसुद्याचे काम पाहिले, आणि २६ जानेवारी १९५० पासून राखीव जागांची तजवीज एका संस्थानाची न राहता साऱ्या देशाच्या घटनेत आली. २६ जून हा महाराजांचा जन्मदिवस महाराष्ट्रात सामाजिक न्याय दिन म्हणून पाळतात.

आता थोडे आपल्या घरचे. महाराजांनी हुकूम काढला, तक्ते मागविले. पण आजचा कारभार कागदाचा आहे, आणि कागद पुरा नसेल तर वाट्याला आलेली जागाही हातची जाते. आपल्या मंडळातील सुनांच्या बाबतीत हे फार दिसते. मुलीचे लग्न झाले म्हणजे तिचे आडनाव बदलते, गाव बदलते, कधी जिल्हा बदलतो. पण जात लग्नाने बदलत नाही. तिचा जातीचा दाखला वडिलांकडच्या पुराव्यावरच मिळतो, नवऱ्याच्या नाही. म्हणजे वडिलांचा, आजोबांचा, काका-आत्यांचा शाळा सोडल्याचा दाखला किंवा जन्ममृत्यूच्या नोंदवहीतील जुनी नोंद लागते. अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती व भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ या तारखांच्या आधीचा पुरावा विचारतात. आजोबा शाळेतच गेले नाहीत अशा घरात हा पुरावा शोधता शोधता अर्जाची मुदत संपून जाते. माझ्या ओळखीची एक सून दोनदा माहेरी एस.टी.ने जाऊन आली, तेव्हा कुठे आजोबांची नोंद सापडली.

दाखला प्रांतसाहेबांच्या कचेरीतून मिळतो. त्यापुढे पडताळणी समितीचे वैधता प्रमाणपत्र निराळे काढावे लागते, आणि त्याला वेळ लागतो. इतर मागासवर्ग आणि भटक्या-विमुक्त यांना नॉन-क्रीमी लेअरचा दाखलाही लागतो. त्यात मुलीच्या आईवडिलांची परिस्थिती पाहतात, सासरची नव्हे. नाव बदलले असेल तर विवाहनोंदणीचा दाखला हवा. राज्याच्या नोकरीत शेकडा ३० जागा स्त्रियांसाठी असतात, त्याचाही रकाना अर्जात असतो, तो वाचून भरावा. अर्ज करताना जो हक्क सांगितला नाही, तो मागाहून सांगता येईल या भरवशावर राहू नये.

आपला नंदुरबार जिल्हा १९९८ साली धुळ्यापासून वेगळा झाला. येथे निम्म्याहून अधिक वस्ती आदिवासी आहे. भिल्ल, पावरा, कोकणी, मावची या समाजांच्या मुली आज शिकून पुढे येत आहेत, आणि आपल्याच मंडळात त्यांच्या आया आपल्या शेजारी बसतात. त्या मुलींतील कोणी नोकरीला लागली तर सवलतीवर लागली असे तोंडातून काढताना आपण गंगारामच्या चहाच्या दुकानाची आठवण ठेवावी. परीक्षा तीही देते, अभ्यास तीही करते. तिच्यासाठी दार उघडे ठेवलेले आहे, पायऱ्या मात्र तिच्या तिलाच चढाव्या लागतात.

म्हणून माझी मंडळाला एक विनंती आहे. मुलीच्या लग्नात आपण रुखवत मांडतो, भांडी देतो, गाठोडे बांधतो. त्यात एक कापडी पिशवीही द्यावी. तिचा शाळेचा दाखला, गुणपत्रके, जातीचा दाखला, वैधता प्रमाणपत्र, आणि वडिलांच्या-आजोबांच्या दाखल्यांच्या साक्षांकित प्रती त्या पिशवीत असाव्यात. मुलगी दहावीला गेली की दाखले काढायला घ्यावेत, बारावीची वाट पाहू नये. आणि जिला ही कामे कळतात तिने जिला कळत नाहीत तिच्याबरोबर शहाद्याच्या कचेरीत एक फेरी मारावी. महाराज दर तीन महिन्यांनी तक्ता मागवीत. आपणही मंडळाच्या तिमाही बैठकीत विचारावे, की या तीन महिन्यांत आपल्यातल्या किती मुलींचे कागद पुरे झाले.